किताबानंतरची वर्षं

30 जून 2021 रोजी बुडापेस्टमध्ये अभिमन्यू मिश्रा या अमेरिकेतल्या भारतीय वंशाच्या मुलानं ग्रँडमास्टर किताबासाठी लागणारा शेवटचा नॉर्म, म्हणजे स्पर्धेतली किताबाच्या दर्जाची कामगिरी, पुरा केला. त्या दिवशी त्याचं वय 12 वर्षं, 4 महिने आणि 25 दिवस होतं. किताबासाठी तो वडिलांबरोबर काही महिने त्या शहरात मुक्कामाला होता आणि एकामागून एक स्पर्धा खेळत होता. सर्गेई कार्याकिननं 2002 मध्ये केलेला 12 वर्षं 7 महिन्यांचा विक्रम त्यानं मोडला. हाच विक्रम जानेवारी 2019 मध्ये चेन्नईच्या डी. गुकेशच्या हातून फक्त 17 दिवसांनी निसटला होता. बुद्धिबळपटूंच्या बातम्या आता अशाच लिहिल्या जातात. वर्षं, महिने, दिवस. दहावीच्या टक्क्यांकडे आपण जसं पाहतो, तसंच किताबाच्या वयाकडे पालक, प्रशिक्षक, प्रायोजक आणि वार्ताहर पाहू लागले आहेत. पुढचं सगळं आयुष्य जणू त्या एका आकड्यात लिहून ठेवलं आहे. ग्रँडमास्टरांच्या कारकिर्दी बारकाईनं पाहिल्या तर हा आकडा फार थोडं सांगतो, असं माझं मत आहे. किताब मिळाल्यावर पंधरा-वीस वर्षांत कधी तरी खेळाडूचा खेळ इतरांना पुरता उमगतो. त्या वेळी त्यानं स्वतःचा खेळ नव्यानं बांधला की नाही, यावर त्याची कारकीर्द ठरते.

मुळात हा किताब काय आहे हे आधी पाहायला हवं. जागतिक बुद्धिबळ महासंघानं, म्हणजे फिडेनं, 1950 मध्ये पहिल्यांदा अधिकृतपणे 27 खेळाडूंना ग्रँडमास्टर ठरवलं. त्या यादीत जगज्जेता मिखाईल बॉटविनिक होता, तसेच ज्यांचा उमेदीचा काळ कधीच सरला होता असे अकिबा रुबिनस्टाइन आणि गेझा मारोत्सीही होते. जाक मीझेस तर त्या वेळी 85 वर्षांचे होते. लास्कर, कापाब्लांका आणि अलेखिन त्याआधीच वारले होते, त्यामुळे जगज्जेते असूनही त्यांच्या नावावर हा किताब नाही. आयुष्यभराच्या कामगिरीचा तो गौरव होता. पुढे त्याला नियमांची चौकट आली. आज साधारणपणे ग्रँडमास्टर दर्जाच्या कामगिरीचे तीन नॉर्म मिळवावे लागतात आणि रेटिंग एकदा 2500 वर न्यावं लागतं. एकदा नेलं की पुरे, ते तिथं टिकलंच पाहिजे अशी अट नाही. किताब तहहयात असतो, रेटिंग मात्र प्रत्येक स्पर्धेनंतर वरखाली होत राहतं. वर्तमानपत्रातला मथळा किताबाला मिळतो आणि खेळाडूचं पोट रेटिंगवर चालतं. स्पर्धेचं निमंत्रण, हजेरीचं मानधन, क्लबाचा करार, देशाच्या संघातली जागा, हे सगळं आजची ताकद पाहून मिळतं. बाराव्या वर्षी मिळालेला किताब पस्तिसाव्या वर्षी यातलं काहीच मिळवून देत नाही.

नव्यानं बांधणी म्हणजे नेमकं काय, हे बॉटविनिकइतकं स्वच्छ कोणीच दाखवलेलं नाही. हा माणूस विद्युत अभियंता होता आणि त्या विषयात त्यानं डॉक्टरेट केली होती. 1948 मध्ये तो जगज्जेता झाला. 1951 मध्ये ब्रॉनस्टाइनशी आणि 1954 मध्ये स्मिस्लॉवशी त्याची 12-12 अशी बरोबरी झाली आणि नियमानुसार जगज्जेतेपद त्याच्याकडेच राहिलं. 1957 मध्ये मात्र स्मिस्लॉवनं त्याला हरवलं. त्या काळी हरलेल्या जगज्जेत्याला परतीच्या लढतीचा हक्क असे. मधल्या वर्षात बॉटविनिकनं स्वतःचे हरलेले डाव परक्या माणसाचे असावेत अशा कठोरपणे तपासले, कॅरो-कान बचाव हाती घेतला आणि 1958 च्या लढतीतले पहिले तिन्ही डाव जिंकून जगज्जेतेपद परत मिळवलं. 1960 मध्ये 23 वर्षांचा मिखाईल ताल वादळासारखा आला आणि 12.5-8.5 असा जिंकला. बॉटविनिक तेव्हा 48 वर्षांचा होता. आता हा संपला, असंच जवळजवळ सगळे धरून चालले होते. 1961 मध्ये त्यानं तालला 13-8 असं हरवलं, म्हणजे आदल्या वर्षीच्या पराभवापेक्षा मोठ्या फरकानं. तालचं बळ मोहऱ्यांचे बळी देऊन पट पेटवण्यात होतं. बॉटविनिकनं डाव पुन्हा पुन्हा अशा वळणांवर नेले, जिथं मोहरी लवकर कमी होतात किंवा प्यादी एकमेकांत अडकून पट बंद होतो. तिथं कल्पनेच्या भरारीपेक्षा धीर आणि हिशेब जास्त लागतो. दोन वेळा जगज्जेतेपद गमावून दोन वेळा ते परत मिळवणारा माणूस पन्नाशीच्या दारात उभा होता.

यावर दोन आक्षेप लगेच येतील आणि दोन्हींत तथ्य आहे. परतीच्या लढतीचा हक्क हे बॉटविनिकला मिळालेलं मोठं झुकतं माप होतं. फिडेनं पुढे तो काढून टाकला आणि 1963 मध्ये पेत्रोस्यानकडून हरल्यावर बॉटविनिक परतला नाही. दुसरं, ताल मूत्रपिंडाच्या विकारानं आयुष्यभर त्रस्त होता आणि 1961 मध्ये त्याची प्रकृती बरी नव्हती. हे मान्य केलं तरी हक्कानं फक्त संधी मिळते, डाव मिळत नाहीत. आणि तालची पुढची कहाणी तर माझ्या म्हणण्याला आणखी बळ देते. चोविसाव्या वर्षी माजी जगज्जेता झालेला हा खेळाडू विझून जाईल, असं वाटण्यासारखी परिस्थिती होती. शस्त्रक्रिया आणि रुग्णालयाच्या वाऱ्या सुरू असतानाच त्यानं आपल्या खेळात आधी नसलेला संयम आणला. ऑक्टोबर 1973 ते ऑक्टोबर 1974 या काळात तो सलग 95 डाव अपराजित राहिला. ज्याच्या प्रत्येक डावात धोक्याची धार असे, त्यानं हरण्यास नकार देण्याचा विक्रम करावा, हे नुसतं आकड्यात मावणारं नाही. 1988 मध्ये 51 व्या वर्षी त्यानं कास्पारोव आणि कार्पोव यांना मागं टाकून जागतिक ब्लिट्झ स्पर्धाही जिंकली. ब्लिट्झ म्हणजे काही मिनिटांचे डाव, तरुणांचं हक्काचं मैदान.

व्हिक्टर कोर्चनोयला आजच्या निकषावर पाहिलं तर कोणत्याही अकादमीनं त्याच्या नावापुढे फारशी आशा लिहिली नसती. 1931 चा जन्म, बालपण लेनिनग्राडच्या वेढ्यात उपासमारीत गेलेलं, आणि किताब 1956 मध्ये, म्हणजे 25 व्या वर्षी. सोव्हिएत अजिंक्यपद त्यानं चार वेळा जिंकलं, तरी त्याच्या कारकिर्दीचा सर्वांत मोठा काळ चाळिशीनंतरच सुरू झाला. 1974 मध्ये कार्पोवविरुद्धच्या 24 डावांच्या लढतीत तो 3-2 असा हरला, बाकीचे 19 डाव बरोबरीत सुटले. फिशरनं खेळायचं नाकारल्यामुळे पुढे हीच लढत जगज्जेतेपदाची ठरली. 1976 मध्ये अ‍ॅमस्टरडॅमला स्पर्धा संपल्यावर तो सोव्हिएत संघात परतलाच नाही. पत्नी आणि मुलगा मागं राहिले, सोव्हिएत खेळाडू त्याच्याशी खेळेनासे झाले, मुलाला पुढे तुरुंगात जावं लागलं. या सगळ्यात 1978 मध्ये फिलिपिन्समधल्या बागिओ इथं तो 47 व्या वर्षी कार्पोवसमोर बसला. आधी सहा डाव जिंकेल तो विजेता, असा नियम होता. 5-2 असा मागं पडलेला कोर्चनोय चार डावांत तीन विजय मिळवून 5-5 वर आला आणि बत्तिसावा डाव हरला. तिथून पुढे 32 वर्षांनी, जानेवारी 2011 मध्ये, 79 वर्षांच्या कोर्चनोयनं जिब्राल्टरच्या स्पर्धेत 18 वर्षांच्या फाबियानो कारुआनाला हरवलं. कारुआना तेव्हा 2700 च्या वर होता आणि 2018 मध्ये तो जगज्जेतेपदाचा आव्हानवीर झाला. 2011 मध्येच ऐंशी वर्षांचा कोर्चनोय स्वित्झर्लंडचा विजेताही ठरला. तो जगज्जेता कधीच झाला नाही, हे खरं आहे. पण खेळाडूचं आयुष्य मोजायला जगज्जेतेपद हेच एक माप असतं, तर बुद्धिबळाच्या सगळ्या इतिहासात मोजण्यालायक माणसं विसाहून फार जास्त उरली नसती.

सगळ्यात वजनदार आक्षेप आता येतो. बॉटविनिक, ताल, कोर्चनोय ही टिकलेल्यांची नावं आहेत आणि न टिकलेल्यांची यादी याहून कितीतरी लांब आहे. अपवाद पुढे करून नियम मांडता येत नाही. वय वाढतं तसा गणनेचा वेग उतरतो. रेटिंग पद्धत बांधणारे अर्पाद एलो यांनीच दाखवलं होतं की श्रेष्ठ खेळाडूंची कामगिरी पस्तिशीच्या आसपास शिखरावर असते. संगणकानं हे शिखर आणखी अलीकडे ओढलं आहे. मॅग्नस कार्लसननं 2882 हे सर्वोच्च रेटिंग 2014 मध्ये, 23 व्या वर्षी गाठलं. गुकेश डिसेंबर 2024 मध्ये सिंगापूरला डिंग लिरेनला 7.5-6.5 असं हरवून जगज्जेता झाला तेव्हा 18 वर्षांचा होता. जे लवकर ग्रँडमास्टर झाले ते बहुतेक वरही पोचले, हेही कबूल करावं लागेल. फिशर, पोनोमारियोव, कार्लसन, कार्याकिन, गुकेश ही नावं कोणीही घेईल. मग लवकर मिळालेल्या किताबाचा अभिमान धरला तर चुकलं कुठं?

लवकर मिळालेला किताब हा बुद्धीचा पुरावा आहेच, ते मी नाकारत नाही. पण या लवकर मोठ्या झालेल्यांचीच पुढची वाट पाहिली तर ती इतक्या वेगवेगळ्या दिशांना जाते की त्या आकड्यावरून दिशा सांगता येत नाही. हंगेरीचा पीटर लेको 1994 मध्ये चौदाव्या वर्षी, त्या काळातला विक्रम करून ग्रँडमास्टर झाला. 2004 मध्ये ब्रिसागो इथं जगज्जेतेपदाच्या लढतीत तो क्रामनिकविरुद्ध शेवटच्या डावापर्यंत पुढे होता. तो डाव हरला, लढत 7-7 झाली, जगज्जेतेपद क्रामनिककडे राहिलं आणि लेको पुन्हा कधीच त्या पटापर्यंत पोचला नाही. भारताचा परिमार्जन नेगी 2006 मध्ये तेरा वर्षांचा असताना ग्रँडमास्टर झाला. त्या क्षणी जगात त्याच्याहून लहान वयात किताब मिळवलेला एकच खेळाडू होता. पुढे तो शिक्षणासाठी अमेरिकेला गेला आणि संगणकशास्त्रात रमला. ही उत्तम निवड आहे आणि तिला अपयश म्हणणं अन्यायाचं होईल. आपण त्याच्या तेराव्या वर्षावरून जे भाकीत करत होतो तेच चुकीच्या गोष्टीवर उभं होतं. आणि बॉबी फिशर? पंधराव्या वर्षी ग्रँडमास्टर, 1972 मध्ये एकोणतिसाव्या वर्षी रेक्याविकला जगज्जेता, आणि त्यानंतर वीस वर्षं एकही अधिकृत डाव नाही. फिशरइतका चढ कोणाचाच नव्हता. जगज्जेता झाल्यावर समोर येणाऱ्या नव्या पिढीसाठी स्वतःला पुन्हा घडवायची वेळ आली, तेव्हा तो पटावर आलाच नाही.

टिकलेले अपवाद आहेत, या आक्षेपाला माझं उत्तर असं आहे. ते निव्वळ नशिबानं टिकले असते तर त्यांच्या टिकण्यात काही समान धागा दिसला नसता. तो दिसतो. प्रत्येकानं आपलं सर्वांत मोठं हत्यार एका टप्प्यावर बाजूला ठेवलं. विश्वनाथन आनंद याचं आपल्या ओळखीचं उदाहरण. 1988 मध्ये अठराव्या वर्षी तो भारताचा पहिला ग्रँडमास्टर झाला, आजच्या हिशेबानं उशिराच. राजापुढचं प्यादं दोन घरं सरकवून सुरू होणारे वेगवान, खुले डाव ही त्याची ओळख होती. 2008 मध्ये बॉनला क्रामनिकशी लढत ठरली तेव्हा तो 38 वर्षांचा होता, आणि क्रामनिकनं वर्षानुवर्षांची तयारी त्याच ओळखीसाठी करून ठेवली असणार हे उघड होतं. आनंदनं वजिरापुढचं प्यादं सरकवून सुरुवात केली. काळ्या मोहऱ्यांनी खेळताना त्यानं जोखमीची सुरुवात निवडून तिसरा आणि पाचवा डाव जिंकला आणि लढत 6.5-4.5 अशी संपवली. वीस वर्षं जी सुरुवात हाताला वळण लावून गेली ती सोडून चाळिशीच्या तोंडावर, आयुष्यातल्या सर्वांत मोठ्या लढतीत नवी सुरुवात वापरायची, याला केवढा विश्वास लागला असेल! नीलसन, कासिमझानोव, वोयताशेक आणि आपला सूर्यशेखर गांगुली असे सहायक त्याच्या पाठीशी होते. 2013 मध्ये चेन्नईत, स्वतःच्या गावात, कार्लसनकडून तो एकही डाव न जिंकता हरला. चारच महिन्यांनी त्यानं आव्हानवीरांची कँडिडेट्स स्पर्धा जिंकली. 2017 च्या डिसेंबरात रियाधला 48 व्या वर्षी जागतिक रॅपिड अजिंक्यपदही मिळवलं, आणि त्या स्पर्धेत कार्लसनलाही हरवलं.

संगणकाच्या युगात हे सगळं जुनं झालं, असंही म्हटलं जातं. मला उलट वाटतं. पूर्वी एखादी नवी कल्पना खेळाडूला वर्षभर पुरे. आता ती सकाळी पटावर आली की संध्याकाळपर्यंत जगभरच्या प्रतिस्पर्ध्यांच्या संगणकावर तपासून झालेली असते. खेळाडूचा खेळ उलगडायला पंधरा वर्षं लागत होती, तिथं आता दोन-तीन पुरतात. म्हणजे नव्यानं बांधणी करायची वेळ आजच्या मुलांवर विशीतच येते. डिंग लिरेन 2023 मध्ये जगज्जेता झाला आणि लगेच त्याचा खेळ घसरू लागला, तेव्हा तो तिशीतच होता.

किताबाच्या वयाला अती महत्त्व देण्यातला अन्याय स्त्रियांच्या आणि आपल्याकडच्या आधीच्या पिढीच्या बाबतीत अधिक बोचतो. मुंबईचे प्रवीण ठिपसे सात वेळा राष्ट्रीय विजेते होते, तरी त्यांना ग्रँडमास्टर किताब 1997 मध्ये मिळाला, अडतिसाव्या वर्षाच्या आसपास. आनंद आणि दिव्येंदू बरुआ यांच्यानंतर भारतात तिसरेच. नॉर्मसाठी पुरेशा संख्येनं ग्रँडमास्टर आणि परदेशी खेळाडू समोर यावे लागतात. त्या काळच्या भारतात अशा स्पर्धा मोजक्या होत आणि परदेशी जाण्याचा खर्च पेलणारे थोडे. त्यांचं वय त्यांच्या खेळाबद्दल कमी आणि त्या काळाबद्दल जास्त सांगतं. कोनेरू हंपी 2002 मध्ये पंधराव्या वर्षी ग्रँडमास्टर झाली आणि स्त्रियांमधला ज्युडिट पोल्गारचा विक्रम तिनं मोडला. पण मातृत्वासाठी जवळजवळ दोन वर्षं दूर राहून परतल्यावर 2019 मध्ये तिनं जागतिक रॅपिड अजिंक्यपद मिळवलं आणि 2024 मध्ये न्यूयॉर्कला ते पुन्हा जिंकलं, हे मला त्या विक्रमाहून मोठं वाटतं. जुलै 2025 मध्ये जॉर्जियातल्या बातुमी इथं महिला विश्वचषकाच्या अंतिम फेरीत 38 वर्षांच्या हंपीसमोर नागपूरची 19 वर्षांची दिव्या देशमुख होती. दिव्या टायब्रेकमध्ये जिंकली. त्या दिवसापर्यंत तिच्याकडे ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता. नियमानुसार विजेतीला किताब थेट मिळतो, म्हणून ती भारताची 88 वी ग्रँडमास्टर झाली. आदल्या दिवसापर्यंत तिचं किताबाचं वय विचारलं असतं तर उत्तर नव्हतं, आणि तोवर ती ऑलिंपियाड सुवर्णविजेत्या संघाची खेळाडू होऊन चुकली होती.

शेवटचा आक्षेप व्यवहाराचा आहे, आणि पालकांच्या बाजूनं तो खरा आहे. विक्रमी वयात किताब मिळाला तरच प्रायोजक दारात येतो, परदेशवारीचा खर्च निघतो, म्हणून पालक दिवस मोजतात. त्यांना दोष देण्यात अर्थ नाही. दोष पैसे वाटणाऱ्यांच्या मापात आहे. जगात आज दोन हजारांच्या आसपास ग्रँडमास्टर आहेत आणि निव्वळ बक्षिसांवर सुखानं जगू शकणारे त्यातले मूठभर. बाकीचे शिकवतात, लिहितात, समालोचन करतात, मोठ्या खेळाडूंचे सहायक होतात, युरोपातल्या क्लबांकडून साखळी सामने खेळतात. भारतात तेल कंपन्यांच्या नोकऱ्यांनी अनेकांना तारलं. या दुसऱ्या आयुष्याला आपण उतरण समजतो, हे मला पटत नाही. चेन्नईच्या आर. बी. रमेश यांनी स्वतःचं खेळणं मागं ठेवून शिकवायला घेतलं आणि प्रज्ञानंदसारखे खेळाडू उभे केले. बॉटविनिकच्या शाळेतून कार्पोव, कास्पारोव आणि क्रामनिक असे तीन जगज्जेते शिकून गेले. पुण्याचे अभिजित कुंटे 2000 मध्ये तेविसाव्या वर्षी भारताचे चौथे ग्रँडमास्टर झाले, आणि सप्टेंबर 2024 मध्ये बुडापेस्टच्या ऑलिंपियाडमध्ये भारतीय महिलांनी पहिल्यांदा सुवर्णपदक जिंकलं तेव्हा ते त्या संघाचे कर्णधार होते. नाशिकचा विदित गुजराथी त्याच वेळी सुवर्ण जिंकणाऱ्या खुल्या गटाच्या संघात होता.

महाराष्ट्रातल्या बुद्धिबळ संघटनांना, उद्योगांना आणि सरकारला म्हणून एक विनंती आहे. बारा वर्षांच्या मुलाला नॉर्मसाठी परदेशी पाठवायला पैसे जरूर द्या. त्याच यादीत वीस ते तीस वयाच्या त्या ग्रँडमास्टरांसाठीही जागा ठेवा, ज्यांचं रेटिंग थांबलं आहे, ज्यांना नवी सुरुवात शिकायला वर्षभर स्पर्धांपासून दूर राहणं आणि चांगला प्रशिक्षक ठेवणं परवडत नाही. नागपूर, पुणे, नाशिक आणि मुंबईत असे खेळाडू आज आहेत.